पितळ, लाकूड, सुतळी

होळीच्या दिवशी सकाळी नऊला आमच्या दांडिया बाजारातल्या घरी डाळ शिजली, कट निघाला, गूळ पडला, पुरण आटून त्यात उलथनं उभं राहिलं आणि आईने हाक मारली, "यंत्र काढ रे माळ्यावरून."

माळ्यावर यंत्र नव्हतं. ते अलकापुरीतल्या एका गॅलरीत पांढऱ्या चौथऱ्यावर उभं होतं. भाचीने परवा "आजी, एक भांडं नेते गं" म्हणून नेलं होतं. ती फाइन आर्ट्सला आहे. बडोद्यात 1950 पासून ही फॅकल्टी आहे, त्यामुळे घरातली वस्तू नाहीशी झाली की आम्ही आधी चोराचा नाही, विद्यार्थ्याचा संशय घेतो.

"मिक्सरमध्ये फिरवू?" बायकोने विचारलं.

"मिक्सरमध्ये होते ती चटणी," आई म्हणाली. "आणि पुरण गार व्हायच्या आत आण. गार झालं की दांडा हलत नाही."

मी स्कूटर काढली.

गॅलरी अकराला उघडायची होती, पण भाची आत होतीच. यंत्राला हात लावणार तोच वॉचमन ओरडला, "काका, अडशो नहीं!" माझ्याच घरच्या पुरणयंत्राला! वर दिवा, खाली चिठ्ठी : 'पितळ, लाकूड, सुतळी.' सुतळी माझी. दांड्याची मूठ निखळायची म्हणून मीच कधीतरी गुंडाळली होती.

"मामा, ते आता पुरणयंत्र नाही. रेडीमेड आहे."

"अगं, रेडीमेडच होतं. दुकानातूनच आणलेलं."

मग घड्याळाकडे बघत मला द्यूशाँ ऐकावा लागला. या फ्रेंच कलावंताने बाजारातल्या तयार वस्तू निवडून कला म्हणून मांडल्या, त्याच 'रेडीमेड'. मार्सेल द्यूशाँने 1917 साली न्यूयॉर्कमध्ये पुरुषांच्या मुतारीतलं चिनी मातीचं भांडं विकत घेतलं, त्यावर 'आर. मट, 1917' अशी सही केली आणि प्रदर्शनाला पाठवलं. सहा डॉलर भरणाऱ्या कुणाचंही काम लावू, असा तिथला नियम. तरी मंडळींनी ते लावलं नाहीच. पुढे मूळ भांडं हरवलं. आज संग्रहालयांत दिसतात त्या नंतर करवून घेतलेल्या प्रती, बऱ्याचशा 1964 सालच्या. मुतारीच्या भांड्याआधी त्याने बाटल्या वाळवायची लोखंडी घोडी अशीच कला म्हणून आणली होती. तो अमेरिकेत गेल्यावर बहिणीने पॅरिसमधली खोली आवरताना ती टाकून दिली. या बाईबद्दल मला एकदम आपलेपणा वाटला. दिवाळीत आमच्याकडे हेच होतं.

"म्हणजे सही केली की कला?"

"निवड केली की. सही नंतर."

मी यंत्र कलतं केलं. कडेला टिंबाटिंबांनी कोरलं होतं : 'चि. सौ. कां. कुसुम हिस मामांकडून, 12-5-68.' करणाऱ्याचं नाव नाही, देणाऱ्याचं आहे, वर तारीखही आहे. भांड्यावर नाव घालायचं ते कर्र कर्र मशीन फिरवणारा माणूस आमच्या लहानपणी दिवसाला पन्नास कलाकृती पुऱ्या करत असणार. आमच्या मांडणीवर तर आत्याची दोन पातेली आणि शेजाऱ्यांची एक परात अशा मूळ सहीच्या, उसन्या आणलेल्या वस्तू वर्षानुवर्षं आहेत.

"अकराच्या आत परत," भाची म्हणाली. "आणि मामा, घासायचं नाही."

हा निरोप मी आईला दिला. पण दांडा फिरून, पुरण जाळीतून शेवयांसारखं पडून संपेपर्यंत साडेदहा झाले होते, आणि मी चप्पल शोधेपर्यंत तिने चिंच लावून यंत्र लखलखीत केलं होतं.

भाचीला रडूच यायचं राहिलं. "मामा, पॅटिना गेला! इतक्या वर्षांत चढलेला जुना रंग!"

फोनवरून आई म्हणाली, "तो मळ होता. आणि तू जाळी उलटी बसवली होतीस."

घाईत आईचीही एक गोष्ट राहून गेली होती. जाळीच्या भोकांत पुरण अडकलेलं होतं, आणि बारा वाजेपर्यंत पांढऱ्या चौथऱ्यावरून मुंग्यांची रांग लागली. संध्याकाळी पोळ्यांचा डबा घेऊन गेलो तेव्हा चिठ्ठीवर पेनाने भर पडली होती : 'पितळ, लाकूड, सुतळी, हरभऱ्याची डाळ, गूळ.'

"वेलदोडा राहिला," मी म्हटलं.

तिने पेन काढलं.