खुलासा : मॅकार्थींना मरो यांनी एकट्याने खाली खेचलं नाही

‘पत्रकार एडवर्ड मरो यांच्या एका कार्यक्रमाने सिनेटर मॅकार्थींचा खेळ संपवला’ हा नेहमी फिरणारा दावा अर्धवट आहे. मॅकार्थी म्हणजे पुराव्याशिवाय लोकांवर कम्युनिस्ट असल्याचे आरोप करणारे अमेरिकी सिनेटर. मरो यांच्या ‘सी इट नाऊ’ या टीव्ही कार्यक्रमाचा तो भाग ९ मार्च १९५४चा. व्यंगचित्रकार हर्ब्लॉक आणि स्तंभलेखक ड्रू पिअरसन १९५०पासूनच मॅकार्थींवर तुटून पडले होते. पुढे मॅकार्थी आणि लष्कर यांच्यातल्या वादाची सुनावणी देशाने टीव्हीवर पाहिली आणि डिसेंबरमध्ये सिनेटने ६७ विरुद्ध २२ मतांनी त्यांचा निषेध केला.

मरो यांचं मोठेपण मला दुसरीकडे दिसतं. त्यांनी मॅकार्थींचीच चित्रफीत दाखवून त्यांची विधानं खोडली. कार्यक्रम दाखवणारी सीबीएस वाहिनी त्याची जाहिरात करेना, तेव्हा मरो आणि निर्माते फ्रेंडली यांनी पदरमोड करून वर्तमानपत्रात जाहिरात दिली.