कोट्याचा माल? ‘कॅश ऑन डिमांड’ बघून मग बोला

जुन्या ब्रिटिश सिनेमाचा विषय निघाला की एक मत हमखास फिरत येतं. डबल बिलात, म्हणजे एका तिकिटात दोन चित्रपटांच्या खेळात, मुख्य चित्रपटाच्या जोडीला लावायचे ते स्वस्तातले गुन्हेपट म्हणजे सरकारी कोटा भरायला काढलेला माल. अमेरिकन गुंडपटांची नक्कल, पैसे नाहीत म्हणून एका खोलीत उरकलेली, काम नसलेल्या नटांना घेऊन केलेली. हे मत ठोकून देणाऱ्यांनी हॅमर या ब्रिटिश चित्रपट कंपनीचा 1961चा, बँकलुटीवरचा ‘कॅश ऑन डिमांड’ पाहिलेला नसावा, असं मला वाटतं.

आधी कोट्याचं बघू. इथे दोन काळांची सरमिसळ झालीय. ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट दाखवणं कायद्याने बंधनकारक झालं ते 1927मध्ये, हाच तो कोटा. मग वितरकांनी, त्यातही अमेरिकन कंपन्यांनी, फिल्मच्या फुटाला एक पौंड अशा भावाने चित्रपट पाडून घेतले. ‘कोटा क्विकी’, म्हणजे कोट्यासाठी घाईत उरकलेला चित्रपट, ही शिवी तेव्हाची. 1938च्या कायद्याने किमान खर्चाची अट घातली आणि तो धंदा बराचसा बसला. कोटा पुढेही राहिला, जोडचित्रपटांसाठीही होता, हे खरं. पण ‘कॅश ऑन डिमांड’ कोलंबिया या अमेरिकन कंपनीने आधी अमेरिकेत लावला. ब्रिटनमध्ये तो आला थेट 1963मध्ये. घरचा कोटा भरायची घाई असती तर तो दोन वर्षं डब्यात पडून राहिला असता का?

आता ‘पैसे नाहीत म्हणून एकच सेट’. पैसे कमी होते, यात वाद नाही. खर्च सुमारे 37,000 पौंड. पडद्यावर बँकेतून जी रक्कम लुटायची आहे ती 93,000ची, म्हणजे लुटीच्या पैशांत असे दोन चित्रपट काढून वर बरेच उरले असते! पण गोष्ट बँकेबाहेर जात नाही, याचं कारण वेगळं आहे. ती मुळात झाक गिलीज यांच्या टीव्हीनाटकाची आहे, 1960मध्ये आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीवर झालेल्या. दिग्दर्शक क्वेंटिन लॉरेन्स तेच, आंद्रे मोरेल आणि रिचर्ड व्हर्नन हे नटही तेच. बंदिस्तपणा कथेतच आहे. एका दिवाणखान्यात तीन-तीन अंक रंगलेले पाहणाऱ्या मराठी प्रेक्षकाला हे वेगळं समजवायला नको.

आणि त्या बंदिस्तपणाचं काम बघा. नाताळ दोन दिवसांवर आलाय. शाखेचा मॅनेजर फोर्डाइस (पीटर कुशिंग) म्हणजे शिस्तीचा किडा. हिशेबातल्या एका किरकोळ चुकीवरून तो पिअरसन या जुन्या कारकुनाला नोकरीवरून काढायची धमकी देऊन मोकळा होतो. तेवढ्यात विमा कंपनीचा तपासनीस म्हणून कर्नल गोर-हेपबर्न (आंद्रे मोरेल) येतो, मॅनेजरच्या केबिनमध्ये ऐसपैस बसतो. मग टेलिफोन वाजतो. पलीकडून फोर्डाइसच्या बायकोचा घाबरलेला आवाज. कर्नल खरा दरोडेखोर, आणि त्याचा हुकूम असा: बायको-मुलगा ताब्यात आहेत, आता तिजोरी तूच रिकामी करून द्यायची. दाराच्या काचेपलीकडे कर्मचारी नेहमीसारखे काम करतायत आणि त्यांना संशय येता कामा नये. ज्यांच्याशी हा कधी धड बोलला नाही, त्यांच्यासमोर आज चेहरा सांभाळायचा! पीटर कुशिंगचा तो चेहरा बघत राहावा. ओठ आवळलेले, आवाज हुकमी ठेवायची धडपड आणि कपाळावर घाम. कॅमेरा रस्त्यावर पाठलाग करत फिरला असता तर हे हाती लागलं नसतं.

नकलेचा आरोप तर अगदीच पोकळ. इथे गल्लीतले गुंड नाहीत, गाड्यांचा पाठलाग नाही. धाक आहे तो टेलिफोनचा. दरोडेखोर सुसंस्कृत, गप्पिष्ट, कडक ओव्हरकोटातला, आणि लुटता लुटता मॅनेजरला माणुसकीचे धडे देणारा. कंजूष मनाचा साहेब, दबलेला कारकून, तोंडावर आलेला नाताळ: ही डिकन्सच्या स्क्रूजची गोष्ट आहे, नाताळच्या रात्री भुतांनी ताळ्यावर आणलेल्या कंजुषाची. फक्त भुतांच्या जागी चोर आलाय. याहून ब्रिटिश काय असणार?

‘काम नसलेले नट’ हे दोन वाक्यांत निकालात निघतं. कुशिंग 1957पासून हॅमरचा हुकमी एक्का होता. 1959मध्ये याच कंपनीच्या शेरलॉक होम्स चित्रपटात तो होम्स आणि मोरेल वॉटसन होते. इथे सूत्रं मोरेलच्या हाती आणि कुशिंग पार गलितगात्र, ही गंमत तेव्हाच्या प्रेक्षकाला नक्की कळली असणार.

सगळेच जोडचित्रपट असे होते असं मी म्हणत नाही. मर्टन पार्क स्टुडिओत रहस्यकथाकार एडगर वॉलेसच्या नावाने निघालेल्या मालिकेतले काही मलाही सोसवत नाहीत. स्वस्तातले चित्रपट काढणाऱ्या डॅन्झिगर बंधूंच्या कारखान्यातून निघालेल्या बऱ्याच चित्रपटांबद्दल न बोललेलं बरं. ‘कॅश ऑन डिमांड’मध्येही खोट आहे. पोलीस आल्यावर शेवट फार घाईने गोड होतो. इतका वेळ पिळून काढलेला माणूस एवढ्या लवकर निवळेल, हे मला पटत नाही. शिवाय ब्रिटनमध्ये लावताना डबल बिलाच्या वेळेत बसावा म्हणून तो कापून साधारण 66 मिनिटांचा केला होता, आणि पूर्ण चित्रपट 80 मिनिटांच्या वर जातो. तेव्हा मत बनवायचं तर आधी आपल्या हातात कोणती प्रत आहे ते तपासा.