शाळेतल्या मोबाईलबंदीने खरंच काही होत नाही?

सध्या पालकांच्या ग्रुपवर एक मजकूर फिरतोय. त्याचं म्हणणं असं : शाळेत मोबाईलबंदी घालून उपयोग नाही हे ब्रिटनमधल्या संशोधनाने सिद्ध केलंय, मोबाईल हे अभ्यासाचं साधन आहे, घरी मोबाईल मोकळाच असेल तर शाळेतल्या बंदीला अर्थ काय, आणि मुलं एकटी प्रवास करतात, त्यांच्याकडे फोन हवाच. मी माध्यमिक शाळेत गणित शिकवतो. शेवटचा मुद्दा मला बराचसा पटतो. बाकीचे नाही पटत.

आधी ते संशोधन. बर्मिंगहॅम विद्यापीठाचा हा अभ्यास २०२५ मध्ये आला. ३० शाळा, १,२२७ मुलं. बंदी असलेल्या आणि नसलेल्या शाळांतल्या मुलांच्या मनःस्वास्थ्यात फरक आढळला नाही, हे खरं. पण त्याच अभ्यासात असंही दिसलं की फोनवर आणि सोशल मीडियावर जास्त वेळ घालवणाऱ्या मुलांची झोप, वागणूक, मनःस्थिती सगळंच खालावलेलं असतं. हा भाग फॉरवर्डमध्ये गाळलाय. शिवाय तिथे एकाच काळात वेगवेगळ्या शाळांची तुलना केली होती. त्रास जास्त होता म्हणूनच एखाद्या शाळेने नियम कडक केला असेल, तर नुसत्या तुलनेत ते कळणार नाही.

त्यासाठी त्याच शाळेचं बंदीआधीचं आणि नंतरचं चित्र बघावं लागतं. ते काम लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या एका संशोधन केंद्रातर्फे २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात झालंय. इंग्लंडमधल्या चार शहरांतल्या ९१ शाळा आणि सोळाव्या वर्षीच्या परीक्षेचे निकाल. बंदीनंतर निकाल सुधारले. संशोधकांच्या हिशेबाने शाळेचं वर्ष पाच दिवसांनी वाढवल्याइतके. आणि ही सरासरी झाली. अभ्यासात मागे असलेल्या मुलांचा फायदा याच्या दुपटीहून जास्त होता, हुशार मुलांना जवळपास काहीच फरक पडला नाही. स्वीडनमध्ये अशीच पाहणी केली तेव्हा परिणाम दिसला नाही, हेही सांगायला हवं. म्हणजे वाद आहे. ‘सिद्ध झालंय’ म्हणण्यासारखं काही नाही.

मला स्वतःला मागे पडलेल्या मुलांचा तो आकडा महत्त्वाचा वाटतो, कारण वर्गात मी तेच बघतो. दप्तरातला फोन थरथरला की सगळा बाक घूं करतो. ज्याचा फोन तो मान खाली घालतो, शेजारचे त्याच्याकडे बघतात, मागून कुणीतरी कुजबुजतं, “कुणाचा रे?” फळ्यावर प्रमेयाची सिद्धता अर्ध्यावर असते. हुशार मुलगी पुढची पायरी स्वतःच लिहून मोकळी होते. ज्याला आधीचीच पायरी नीट कळली नव्हती, त्याचा धागा तिथे तुटतो, आणि घरी समजावून सांगणारं कुणी नसतं. लक्ष एकदा उडालं की पुन्हा लागायला वीस मिनिटांपर्यंत वेळ जाऊ शकतो, असं युनेस्कोचा २०२३ चा अहवाल सांगतो. आमचा तास पस्तीस मिनिटांचा.

‘त्याचा फोन, त्याचं नुकसान’ असंही कुणी म्हणेल. पण पिसा या पंधरा वर्षांच्या मुलांच्या आंतरराष्ट्रीय चाचणीत २०२२ मध्ये ओईसीडी या मुख्यतः श्रीमंत देशांच्या संघटनेतल्या ५९ टक्के मुलांनी सांगितलं की गणिताच्या निदान काही तासांना दुसऱ्यांच्या उपकरणांमुळे त्यांचं लक्ष विचलित होतं.

अभ्यासाचं साधन म्हणाल तर ‘असर’ या ग्रामीण शिक्षणाच्या पाहणीचा २०२४ चा अहवाल बघा. ग्रामीण भारतातल्या १४ ते १६ वयाच्या, स्मार्टफोन वापरता येणाऱ्या मुलांपैकी ५७ टक्क्यांनी आदल्या आठवड्यात तो अभ्यासासाठी वापरला होता, तर ७६ टक्क्यांनी सोशल मीडियासाठी. व्हिडिओ दाखवायचा असेल तर शिक्षकाचा एक फोन आणि प्रोजेक्टर पुरतो.

घरी मोकळं रान असतं, ही तक्रार खरी आहे. मग घरीही वेळ बांधून घ्या. सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगावने २०२२ मध्ये ते करून दाखवलं : संध्याकाळी सातला भोंगा वाजतो आणि दीड तास टीव्ही, मोबाईल बंद. अख्खं गाव हे करू शकतं, तर ‘घरी ऐकत नाहीत’ म्हणून शाळेनेही सोडून द्यावं हे मला मान्य नाही.

राहिला प्रवासाचा प्रश्न. क्लास संपवून अंधारात एसटीने घरी जाणाऱ्या मुलीकडे फोन असायलाच हवा. दिल्ली उच्च न्यायालयानेही २०२५ मध्ये सरसकट बंदी व्यवहार्य नाही असं म्हटलं. पण वर्गात वापर नको आणि शक्य असेल तिथे शाळेने फोन जमा करून घ्यावेत, हेही त्याच निकालात आहे. माझ्या मते एवढं पुरे : सकाळी फोनची वर्गाची पेटी भरून कार्यालयात कुलपात ठेवायची, शेवटच्या घंटेला परत द्यायची. मधल्या वेळेत निरोप असेल तर पालकांनी कार्यालयाच्या नंबरवर फोन करावा, शिपाईमामा वर्गात येऊन सांगतील.