नाकाचं नाही भाऊ, मासळीचं बोलतोय मी

भाऊ, माझ्या पोस्टवरची तुमची कमेंट पूर्ण वाचली. तुमचं म्हणणं असं, की ‘परफ्यूम’ (२००६) या सिनेमात हिरोचं नाक पडदाभर दाखवलं म्हणून काही वास येत नाही, लेखक झ्यूसकिंडनं १९८५ च्या मूळ कादंबरीत जे केलं ते शब्दांनीच होऊ शकते, कॅमेऱ्याचं कौतुक उगाच.

पण मी नाकाबद्दल लिहिलंच कुठं? मी पॅरिसच्या मासळीबाजारातल्या जन्माच्या सीनबद्दल लिहिलं होतं. तिथं फ्रँक ग्रिबंचा कॅमेरा आतडी, चिखल, वळवळत्या अळ्या इतक्या जवळून अन् इतक्या भराभर दाखवते की आपण श्वास कधी रोखला ते आपल्यालाच समजत नाही. सगळं कसं ओलं, चिकट. वास दिसत नाही हे खरंच आहे, पण वास ज्याच्यावर बसून येते ते तर दिसते ना, तेल, ओल, घाम, वाफ! फ्रान्समधल्या ग्रास गावचे अत्तरवाले काचेवर चरबीचा थर देऊन त्यावर फुलं ठेवत, वास चरबीत उतरे.

आमच्या वरुडकडे आंबिया बहाराची संत्री तोडायला आली की मोबाईलवर व्हिडिओ काढत एक करून बघा. ऊन डोळ्यासमोर ठेवून संत्र्याला नख लावा, सालीतून तेलाचे बारीक तुषार उडताना दिसतात, अन् तेच ऊन पाठीवर घेतलं तर काहीच दिसत नाही, संत्रं तेच, नख तेच. पहिला व्हिडिओ घरी दाखवा, तोंडाला पाणी सुटते की नाही सांगा. लायटिंगचं एवढंच काम असते, अन् ते लय मोठं असते.

थिएटरात वास सोडायचं ते स्मेल-ओ-व्हिजन तरी प्रामाणिक होतं म्हणता, तर १९६० मध्ये खुर्च्यांपर्यंत नळ्या टाकून खरे वास सोडलेच की, अन् एका सिनेमातच कारभार आटोपला.

हां, भांडायचंच असेल तर अत्तरवाल्या बाल्दिनीच्या सीनवरून भांडा. म्हातारा अत्तर हुंगते अन् दुकानाचा एकदम बगीचा होते, फुलं काय, बाई येऊन गालाची पापी काय! डस्टिन हॉफमन असूनही मले तो सीन साबणाच्या जाहिरातीसारखा वाटला, कारण तिथं वास नाही, वासाचा अर्थ दाखवला आहे. दिग्दर्शक टिकवरनं तिथं कच खाल्ली.

अन् मोबाईलवर पाहिला असेल तर एकदा मोठ्या टीव्हीवर बघा, जेवणाच्या आधी.