विहीर कागदावर कोण आणणार?

"कोल्हापूरला हायकोर्टाचं बेंच काय आलं, आता जो तो अपिलात जाणार," दाजी रविवारी फोनवर म्हणाले. सुरत-चेन्नई रस्त्यावरून विषय निघाला होता. बार्शी-अक्कलकोटकडचे शेतकरी वाढीव मोबदल्यासाठी अडून बसतात आणि कामं रखडतात, असं त्यांचं म्हणणं. "लवादानं आकडा दिला की विषय संपला पाहिजे. तुमच्याकडं तसंच असतंय की!"

तेव्हापासून डोकं तापलंय. आमच्याकडे असतं तसं, पण दाजींनी त्यातलं सोयीचं तेवढंच उचललं. इथे इंग्लंडात, कॉव्हेंट्रीच्या पलीकडे बर्टन ग्रीनला एचएस-टू या वेगवान रेल्वे प्रकल्पाने जमिनी घेतल्या. अशा रकमेचा वाद लँड्स चेंबर या जमिनीच्या न्यायाधिकरणापुढे जातो. तिथे न्यायाधीश आणि मूल्यांकनातले जाणकार बसतात, जमीन घेणाऱ्याचा माणूस नाही. जमीनमालकाच्या सर्व्हेअरची वाजवी फीसुद्धा घेणाराच भरतो. मग पुढचं अपील फक्त कायद्याच्या मुद्द्यावर, तेही परवानगी मिळाली तर, हे मला पटतं.

आपल्याकडे राष्ट्रीय महामार्गासाठी भाव ठरवतो सक्षम प्राधिकारी, बहुधा प्रांत. तो मान्य नसेल तर लवाद, आणि लवाद नेमतं केंद्र सरकार. बहुतेकदा तो जिल्हाधिकारी किंवा आयुक्त असतो. शेतकऱ्याला कुणी विचारत नाही. त्यानंतर लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली जिल्हा न्यायालय, पण त्याचेही हात बांधलेले. निवाडा रद्द करता येईल, रक्कम वाढवता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये हकीम प्रकरणात सांगितलं. २०२५ मध्ये घटनापीठाने निवाड्यात दुरुस्तीची थोडी मुभा दिली, तीही मर्यादित. एवढी चिंचोळी वाटसुद्धा दाजींना बुजवायची आहे! महामार्गात जमीन गेलेल्यांना सक्तीच्या संपादनाबद्दलची दिलासा रक्कम आणि व्याज नाकारणारी तरतूद २०१९ मध्ये घटनाबाह्य ठरली, ती कोर्टातच. कुठल्याही लवादाला ते करता आलं नसतं.

घेणारं सरकार, मोजणारं सरकार, तक्रार ऐकणारंही सरकारच. मग कोर्टाने बघायचं नाही तर कुणी बघायचं?

हे सगळं मी दाजींना तावातावाने ऐकवलं. एक गोष्ट मात्र सांगितली नाही. दक्षिण सोलापुरातल्या आमच्या रानातून रस्ता गेला, तेव्हा निवाड्यात विहीर धरलीच नव्हती. आप्पा लढायचं म्हणाले. मी इथून मुखत्यारपत्र पाठवलं आणि फोनवर सांगितलं, "मिळतंय ते घ्या आप्पा, कोर्टाच्या पायऱ्या झिजवू नका." दाजी आज बोलतात तेच मी तेव्हा बोललो होतो, आणि तेही सातबाऱ्यावर माझं नाव असताना. आप्पांनी ऐकलं नाही. ते गेल्यावर धाकट्याने तारखा सांभाळल्या, आणि जिल्हा न्यायालयाने निवाडा रद्द केला म्हणून विहीर पुन्हा लवादापुढे आली.

परवा धाकट्याने प्रतिज्ञापत्रासाठी विचारलं, "दादा, विहीर किती खोल होती रे? ती बुजवली, आता मोजता येत नाही." फूट मला माहीत नव्हते. उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं की मी कळशी घेऊन उतरायचो. अठ्ठावीस पायऱ्या होत्या, शेवटची तुटकी. त्याला म्हटलं, तसंच लिही, आणि खाली माझी सही घे.