२४ बिटपेक्षा गॅपलेस महत्त्वाचं

'कॅप्टन बियॉन्ड' या रॉक बँडचा १९७२ चा पहिला अल्बम दुर्लक्षित राहिला, हे त्या अल्बमवरच्या लेखातलं म्हणणं शंभर टक्के पटलं. पण तो '२४ बिट, १९२ किलोहर्ट्झमध्येच ऐकावा', म्हणजे सीडीच्या १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झपेक्षा बारीक नोंदीच्या डिजिटल फाइलवरच, हा त्यातला सल्ला पटला नाही. त्या काळच्या अॅनालॉग टेपची डायनॅमिक रेंज (सर्वांत हळू आणि सर्वांत मोठ्या आवाजातलं अंतर) साधारण ६०-७० डेसिबल, आणि १६ बिटमध्ये ९६ मावतात. जास्तीच्या बिटांत टेपची सरसरच साठते. सीडीवरून नीट काढलेली १६/४४.१ ची फ्लॅक फाइल (लॉसलेस, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळता लहान केलेली) पुरेशी आहे.

या अल्बमसाठी लॉसलेसचा खरा फायदा वेगळाच आहे आणि लेखात तो आलेलाच नाही. यातली गाणी एकमेकांत मिसळत जातात, म्हणून ती गॅपलेस, म्हणजे मध्ये खंड न पडता, वाजायला हवीत. 'डान्सिंग मॅडली बॅकवर्ड्स' संपून 'आर्मवर्थ' सुरू होतं तिथे बॉबी काल्डवेलच्या ड्रम्सची लय तुटता कामा नये. एमपीथ्री ११५२ सॅम्पलच्या (आवाजाच्या सुट्या मोजमापांच्या) ठोकळ्यांत बनते, त्यामुळे फाइलच्या दोन्ही टोकांना कोरी शांतता चिकटते. प्लेअरने ती कापली नाही, तर नेमक्या सांध्यावर ठेच लागते. फ्लॅकमध्ये सॅम्पल मोजून मूळ गाण्याइतकेच असतात. तरीही प्लेअरमधलं क्रॉसफेड (एक गाणं विरत असताना दुसरं वर आणणारी सोय) बंदच ठेवा. रिप्लेगेन (आवाजाची पातळी सारखी करणारी सोय) वापरत असाल तर 'ट्रॅक' नको, 'अल्बम' निवडा. नाहीतर 'मायोपिक व्हॉइड'सारखा शांत भाग उगाच वर येतो आणि सांध्यावर आवाज उडी मारतो. आणि कुठून तरी मिळालेली फ्लॅक आधी स्पेक्ट्रोग्राममध्ये (कोणत्या कंपनसंख्येला किती आवाज आहे ते दाखवणाऱ्या चित्रात) बघा. १६ किलोहर्ट्झच्या वर सुरीने कापल्यासारखं सपाट दिसलं, तर बहुधा ती एमपीथ्रीवरूनच बनवलेली आहे.