नावं संपेपर्यंत दिवे लावू नका!

"चला साहेब, पिक्चर संपला." पुण्यातल्या थिएटरांत हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय की आता ते कानावर पडलं की डोक्यात तिडीक जाते. संपलेला नसतो पिक्चर! पडद्यावर नावं चालू असतात, संगीत चालू असतं, आणि आम्ही चार-पाच जण खुर्च्या धरून बसलेलो असतो ते उगाच नाही. सुपरहिरोंच्या पिक्चरमध्ये नावं संपल्यावर बऱ्याचदा आणखी एक छोटा प्रसंग असतो, त्यात कॉमिकमधलं एखादं पात्र अचानक येतं. आम्ही त्याची वाट बघत असतो.

परवाच्या रविवारी माझ्याबरोबर माझी ११ वर्षांची भाची होती. पिक्चरचं नाव सांगत नाही. तो अजून चालू आहे आणि ज्यांनी पाहिला नाही त्यांचा रस मी घालवणार नाही. मध्यंतराच्या थोडं आधी, हाणामारी चालू असताना मागच्या भिंतीवर अशाच एका पात्राची खूण दिसली. जेमतेम दोन सेकंद. पोरीने माझं मनगट घट्ट धरलं आणि कानात म्हणाली, "मामा, तो येणार!" त्यानंतर ती पूर्ण वेळ खुर्चीच्या कडेवर बसून होती. नावं सुरू झाली मात्र, खाडकन सगळे दिवे लागले. दोन्ही दारं उघडली. पुढच्या रांगेतलं अख्खं कुटुंब उभं राहिलं आणि तिथंच उभ्या उभ्या गाडी कोण आणणार यावर वाद घालायला लागलं. आम्ही माना वाकड्या करून त्यांच्या डोक्यांमधून बघत होतो. आणि मग पडदाच बंद. आवाजासकट. यादी अर्धीसुद्धा सरकली नव्हती.

मी मॅनेजरला गाठलं. म्हणाला, पुढचा शो लागायचाय, सफाई करायची असते. मी म्हटलं, मग दोन शोंच्या मध्ये दहा मिनिटं जास्त ठेवा. त्यावर त्याचं उत्तर ऐका: "साहेब, तेवढा सीन यूट्यूबवर येतो की. तिथं बघा."

३८० रुपयांचं एक, अशी दोन तिकिटं काढली होती मी. अख्ख्या पिक्चरची. पंगतीत ताकभात व्हायच्या आत पान उचललं तर त्या यजमानाला गावभर नावं ठेवतील, आणि इथे वर मलाच सांगतात की घरी जाऊन ताक प्या! झाडू घेऊन दारात थांबलेल्या मावशींवर माझा काडीचाही राग नाही. त्यांना घड्याळ लावून दिलेलं असतं, शंभर माणसांनी सांडलेले पॉपकॉर्न त्या तेवढ्यात कसे उचलतात त्यांनाच माहीत. राग आहे तो केबिनमध्ये बसून वेळापत्रक आखणाऱ्यावर. पिक्चर किती मिनिटांचा आहे हे त्याला माहीत असतं, आणि तरीही तो शेवटची मिनिटं धरतच नाही.

बरं, हे आजचं नाही. २०१४ साली 'गार्डियन्स ऑफ द गॅलेक्सी' लागला होता तेव्हा मी एकटा गेलो होतो. त्याच्या अगदी शेवटी, सगळी नावं संपल्यावर, एक बदक दिसतं. कपडे घातलेलं, हातात पेला घेतलेलं, बोलणारं बदक. हॉवर्ड द डक. १९७३ सालचं कॉमिकमधलं पात्र. ते लिहिणारे स्टीव्ह गर्बर त्याच्या हक्कासाठी स्वतःच्या जुन्या कंपनीशी, मार्व्हलशी, कोर्टात भांडले आणि २००८ साली गेले. सहा वर्षांनी त्यांचं बदक जगभरच्या पडद्यांवर आलं. मी ज्या थिएटरात होतो तिथे आलं नाही, कारण तिथल्या कोणीतरी त्याआधीच मशीन बंद केलं होतं.

त्याच पिक्चरच्या त्याच यादीत आणखी एक नाव आहे. बिल मँटलो. रॉकेट रकून, त्या पिक्चरमधला तो बंदूकवाला बोलणारा प्राणी, हा मँटलो आणि कीथ गिफन यांनी १९७६ साली जन्माला घातला. १९९२ साली एका गाडीने मँटलोंना उडवलं, मेंदूला जबर मार लागला आणि पुढची अनेक वर्षं शुश्रूषागृहात गेली. पिक्चर आला तेव्हा त्यांच्यासाठी तिथे खास खेळ लावला होता. ही माणसं पिक्चरभर कुठेही दिसत नाहीत. पोस्टरवर नाहीत, ट्रेलरमध्ये नाहीत. त्यांना जागा मिळते ती फक्त त्या वर सरकणाऱ्या अक्षरांत, आणि आपण नेमक्या तेव्हाच खिशात किल्ली चाचपत उठतो. व्हीएफएक्सच्या, म्हणजे संगणकावर दृश्यं घडवणाऱ्यांच्या यादीत तर आपल्याकडच्या पोरापोरींची नावं ओळीने असतात. रात्र-रात्र जागून त्यांनी एकेक फ्रेम पुसूनपुसून तयार केलेली असते. त्यांच्याच देशात त्यांची नावं वाचायला कोणी दोन मिनिटं थांबू नये?

आणि लपवलेली माणसं काही फक्त शेवटीच नसतात. मार्व्हलच्याच 'अव्हेंजर्स: एंडगेम'मध्ये सुरुवातीला कॅप्टन अमेरिका हा सुपरहिरो काही दुःखी माणसांबरोबर गोल करून बसलेला असतो. थॅनॉस या खलनायकाने चुटकी वाजवून निम्मं जग नाहीसं केलेलं असतं, आणि उरलेले आपापलं दुःख सांगत असतात. त्या खुर्च्यांपैकी एका खुर्चीवर बसलेत जिम स्टार्लिन. ज्यांनी १९७३ साली थॅनॉस निर्माण केला तेच! कोणी आपल्याला सांगत नाही, बोट दाखवत नाही. ओळखणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. आणि माझ्या शेजारचा गृहस्थ त्या क्षणी मोबाइल पूर्ण उजेडावर ठेवून पार्सलला काय मागवायचं ते बायकोला विचारत होता. त्याच पिक्चरच्या शेवटी टोनीच्या, म्हणजे आयर्न मॅनच्या अंत्यविधीला एक उंच पोरगा मागे एकटा उभा दिसतो. तो हार्ली, २०१३च्या 'आयर्न मॅन ३'मधला तो लहान मुलगा. सहा वर्षांत मोठा झालेला. माझा घसा दाटून आला होता, आणि मागच्या रांगेतून खणखणीत आवाज: "हा कोण रे? चुकून आलाय काय?" तीन-चार जण खिदळले. अरे, माहीत नसेल तर गप्प बसा! शेजारी बसलेल्याचं काहीतरी चाललंय एवढं तरी कळायला नको?

"एवढं काय त्यात" असं मला घरचेही म्हणतात. एवढंच आहे त्यात! माझ्या बाबांनी इंद्रजाल कॉमिक्सचे वेताळाचे (म्हणजे फँटमचे) अंक अजून ट्रंकेत जपलेत. त्यांच्याच नादाने मी शाळेत असताना अप्पा बळवंत चौकात जुनी कॉमिक्स धुंडाळत फिरायचो. गुंडाच्या जबड्यावर उमटलेली कवटीची खूण दिसली की वेताळ येऊन गेला, हे बाबांना चित्राखालचा मजकूर न वाचता कळायचं. ही ओळख पटण्यातच सगळा आनंद आहे. कॅप्टन अमेरिकाच्या 'फर्स्ट अव्हेंजर'मध्ये १९४३च्या प्रदर्शनात एका काचेच्या नळकांड्यात लाल कपड्यातला पुतळा दिसतो, तो ह्यूमन टॉर्च. १९३९च्या 'मार्व्हल कॉमिक्स'च्या पहिल्या अंकाच्या मुखपृष्ठावरचा. ज्याने हे शोधून तिथे उभं केलं, त्याने ते आमच्यासारख्यांसाठी केलं. आमच्यासाठी ठेवलेली ती चिठ्ठी आहे, आणि ती आमच्या हातात पडायच्या आत तुम्ही फाडून टाकता.

फाडणाऱ्यांची दुसरी जात तर आणखी हलकट. पहिल्या दिवशी पहिला शो बघायचा, मोबाइल वर करून नेमका तेवढा भाग टिपायचा आणि बाहेर पडायच्या आत स्टेटसला टाकायचा. सोसायटीच्या ग्रुपवर, जिथे पाण्याच्या टँकरचे निरोप येतात, तिथे सकाळी ११ वाजता शेवटच्या प्रसंगाचा व्हिडिओ! मी दूधवाल्याचा मेसेज बघायला फोन उघडला होता. अहो, थिएटरात असं चित्रीकरण करणं गुन्हा आहे. २०२३च्या दुरुस्तीनंतर किमान तीन महिने कैद आणि किमान तीन लाख दंड आहे त्याला. पण एका पुणेकराला मी ते सांगायला गेलो तर म्हणे, "सगळेच करतात." आणि ऑफिसातले ते "मी काही सांगत नाही हं, फक्त शेवटपर्यंत बस" म्हणणारे! सांगितलंत की! आता मी पूर्ण पिक्चर वाट बघण्यात घालवणार, तुमच्या त्या एका वाक्यामुळे.

पण त्यांना टाळता तरी येतं. फोन बंद ठेवीन, ग्रुप म्यूट करीन, चार दिवस डबा घेऊन एकटा जेवीन. थिएटरवाल्याला मी कसा टाळू? पडदा त्याचा, स्विच त्याचा, दार त्याचं. मी फक्त एवढंच मागतोय की शेवटचं अक्षर वर जाईपर्यंत अंधार ठेवा. उठणाऱ्यांसाठी पायऱ्यांवर छोटे दिवे असतात, ते पुरतात. ज्याला जायचंय त्याने वाकून, पटकन जावं. दार ओढून घ्यावं. तिकिटावर वेळ छापता तशी संपण्याची खरी वेळ छापा, म्हणजे कोणाला वाटणार नाही की आपल्याला उगाच बसवून ठेवलंय.

रविवारी पार्किंगमध्ये गाडी काढताना भाचीने विचारलं, "मामा, तो खरंच आला असेल का?" मला सांगता आलं नाही. यूट्यूबवर बघायचं तिने साफ नाकारलं, आणि मीही नाही बघितलं. येत्या गुरुवारी सकाळच्या पहिल्या शोची दोन तिकिटं काढलीत, दुसऱ्या थिएटरात. काढण्याआधी तिथे फोन करून विचारलं की शेवटपर्यंत दाखवता का. पलीकडचा मुलगा म्हणाला, "बघतो सर, विचारून सांगतो." अजून त्याचा फोन आलेला नाही.